एका घरी एकच सवलत

पत्र आलं तेव्हा माझा उजवा हात कोपरापर्यंत मेंढीच्या पोटात होता. कोकरू आडवं आलं होतं, पायांचा पत्ता नव्हता. आई मेंढीचं डोकं मांडीत धरून बसली होती आणि मलाच शिकवत होती. वारा असा सुटला होता की तोंड उघडलं की दाताखाली रेती. तेवढ्यात दोनदा हॉर्न वाजला.

दोन हॉर्न म्हणजे माझा नवरा ऑर्विल. 'मी आलोय, सासूबाईंना सांग', असा त्याचा अर्थ. आईने चटकन शाल डोक्यावरून ओढली, पाठ फिरवली आणि मेंढीचं डोकं दिलं सोडून. मेंढी उठली आणि चालायला लागली. माझा हात आत, आणि मी तिच्यामागे गुडघ्यांवर.

"अगं धर तिला!"

"कशी धरू? तो आलाय ना!" आई शालीतून म्हणाली.

"पत्र आलंय!" ऑर्विल पिकअपच्या मागून ओरडला. "फोनवाल्यांचं! आत्ता वाचू की नंतर?"

"नंतर!" मी म्हटलं. पण तोवर त्याने वाचायला सुरुवात केली होती.

आम्हा दिने आदिवासी लोकांत जावयाने सासूचं तोंड बघायचं नसतं आणि सासूने जावयाचं. बघितलं तर डोळे जातात. सासूला आमच्या भाषेत शब्दच मुळी 'जिला बघत नाहीत ती' असा आहे. आता पुष्कळांनी सोडलंय हे. बाजाराच्या गावात सासू-जावई एका टेबलाला बसून बर्गर खाताना दिसतात, आणि चष्म्याशिवाय चांगले मेनू वाचतात. पण माझी आई यानाबाह जुन्या वळणाची, आणि ऑर्विल तिच्याहून जुना. लग्न झाल्यावर तो रीतीप्रमाणे आमच्याकडे राहायला आला. आईचं लाकूड-मातीचं गोल होगन आणि आमचं चाकांवरचं घर, ट्रेलर, यांत साठ पावलं. बावीस वर्षं झाली त्याला. बावीस वर्षांत दोघांनी एकमेकांना पाहिलेलं नाही, एकमेकांशी शब्द बोललेले नाहीत. बोलायचं ते सगळं माझ्यातून.

आणि मीही काही सगळंच पोचवत नाही. आई म्हणते, "तुझ्या नवऱ्याला विचार, कुंपण बांधलंय की कपडे वाळत घातलेत?" मी ऑर्विलला सांगते, "आई म्हणते, तार जरा ताणून घे." ऑर्विल म्हणतो, "म्हातारीला म्हणावं, एवढं कळतंय तर स्वतः ताण." मी आईला सांगते, "बरं म्हणाला." असं चाललंय बावीस वर्षं.

पत्र दोन ओळींचं होतं. तुमचा अर्ज नामंजूर. या पत्त्यावर एक सवलत आधीच चालू आहे, एका घरी एकच मिळते.

कोकरू बाहेर आलं होतं, जिवंत. मी हात रेतीला पुसले आणि पत्र स्वतः एकदा वाचलं.

आमच्यासारख्या कमी मिळकतीच्या लोकांना, त्यातून आदिवासी जमिनीवर राहणाऱ्यांना, सरकारकडून फोनवर मोठी सूट असते. महिन्याला एक डॉलर भरला की झालं. ऑर्विलच्या नावावर तसा एक फोन होता, तो आम्ही दोघं वापरायचो. आता मला आईच्या नावावर हवा होता, आणि लगेच हवा होता. सत्तर मैलांवरच्या निवासी शाळेत मला स्वयंपाकिणीची नोकरी लागली होती. सोमवार ते शुक्रवार तिथेच राहायचं. पुढच्या सोमवारी हजर व्हा, नाहीतर दुसरी बघतो, असं त्यांनी सांगितलं होतं. बावीस वर्षांत मला मिळालेली ही पहिली पगारी नोकरी. पण आईला या माणसाबरोबर एकटं टाकून जायचं कसं?

तुम्ही म्हणाल, माणूस साठ पावलांवर आहे की. तेच तर. फेब्रुवारीत मी तो फोन घेऊन दोन दिवस मामेबहिणीकडे गेले होते. आई सरपणाच्या ढिगापाशी बर्फावरून घसरली आणि तिचा पाय मुरगळला. तिने हाक मारली. ऑर्विल धावला, आणि मग आठवलं म्हणून थांबला. टोपी नाकापर्यंत ओढली, पाठ केली आणि उलटा चालत निघाला. कुत्र्यावर पडला. कुत्रं त्याला चावलं. पायाला काय झालंय हे तिने सांगितलं नाही, त्याने विचारलं नाही. त्याने आवाजाच्या अंदाजाने एक घोंगडी मागे भिरकावली, ती मेंढ्यांच्या पाण्यात पडली. शेवटी तो अकरा मैल गाडी हाणत मावशीला घेऊन आला. आई तीन तास गोठलेल्या जमिनीवर होती. त्याच संध्याकाळी मी आले तेव्हा हसत होती, पण तिचे ओठ अजून निळे होते. ते ओठ मी विसरलेले नाही.

हातात फोन असता तर तिने मावशीला सांगितलं असतं, दवाखान्याला सांगितलं असतं, मला सांगितलं असतं. म्हणून मी ठरवलं होतं: आईला फोन, तर मला नोकरी. फोन नाही, तर नोकरीही नाही.

आणि घोळ घातला होता मीच. आमच्याकडे घरांना नंबर नसतात. फॉर्मवर एक चौकोन असतो, त्यात नकाशा काढायचा. ऑर्विलच्या वेळी मी काढला होता: डांबरी रस्ता, गाडलेले दोन टायर, तिथून डावीकडे, वठलेलं झाड, निळी टाकी, आणि फुली. आईच्या फॉर्मवरही तोच काढला, तीच फुली. आमच्यात कोण एका आवारात दोन फुल्या काढतं? जागा आईची, मेंढ्या आईच्या, आम्ही सगळे तिचे. फुली एकच असणार.

"आता?" ऑर्विलने विचारलं.

"आता गुरुवारी चावडीवर जायचं. कंपनीची बाई येणार आहे."

गुरुवारी निघताना पहिलाच प्रश्न, बसायचं कसं. पिकअप एक आणि माणसं तीन. आई माझ्याशेजारी पुढे बसली. ऑर्विल मागे, उघड्यावर, तोंड मागच्या दिशेला करून. तरी आई म्हणाली, "आरशात दिसेल मला." मी आरसा वाकडा केला. मग ती म्हणाली, "मान वळवली तर काचेतून दिसेल." मग ऑर्विलने स्वतःवर ताडपत्री घेतली. सोळा मैल कच्चा रस्ता आणि समोरून वारा. रस्त्यात शेजारच्या वस्तीवरचा म्हातारा भेटला, त्याने गाडी थांबवून विचारलं, "बैल घेतलात काय?"

"नवरा आहे," मी म्हटलं.

"बरा आहे ना?"

"बरा आहे!" ताडपत्री म्हणाली.

वाटेत मी आईला पढवलं. "ती बाई विचारेल, खर्च एकत्र आहे का. नाही म्हणायचं. तुझं घर वेगळं, आमचं वेगळं. कळलं?"

आई खिडकीबाहेर बघत राहिली. हो म्हणाली नाही, आणि मी पक्कं करून घेतलं नाही, इथेच चुकलं.

चावडीवर कंपनीच्या बाईने बाहेर छत्रीखाली टेबल मांडलं होतं, पण वाऱ्याने छत्री नेली. तिला मी शेवटची पाहिली तेव्हा ती डांबरी रस्ता ओलांडत होती, छत्री म्हणजे. बाई आत हॉलमध्ये आली होती. कोरी नाव तिचं. तिशीतली, शहरातली, नाकात रेती जाऊन शिंका देत होती. हॉलमध्ये त्या दिवशी म्हाताऱ्यांचं जेवण होतं. मटणाच्या रश्श्यापुढे पंधरा-वीस मंडळी बसलेली, आणि फुकट तमाशा असला तर तो बघायला सगळ्यांना वेळ होता.

मी सगळं सांगितलं. कोरीने टॅबलेटवर बोटं फिरवली. "होऊ शकतं. एका जागी दोन वेगळी कुटुंबं असतील तर दोघांनाही सूट मिळते. फक्त तसं लिहून द्यायचं. दोघांनी, माझ्यासमोर, एकाच वेळी."

"एकाच वेळी का?"

"मागच्या महिन्यात दुसऱ्या एका गावात एकाने सहा मामांच्या सह्या केल्या. त्यातले दोन मामा वारलेले होते. साहेबांनी मला झापलं. आता मी दोन्ही माणसं एकदम बघितल्याशिवाय काही करत नाही."

मी तिला सांगितलं की ही दोन माणसं एकदम बघता येत नाहीत. का ते सांगितलं. तिने माझ्याकडे बघितलं, मग हॉलकडे बघितलं. हॉलमधल्या सगळ्या म्हाताऱ्यांनी एकदम मान डोलावली.

"मग?" कोरी म्हणाली.

स्वयंपाकघरातल्या दोघीजणी हात पुसत बाहेर आल्या. त्यांनी भिंतीवरची मोठी घोंगडी उतरवली आणि हॉलच्या मधोमध आडवी धरली, एकीने एक टोक, दुसरीने दुसरं. आईला एका बाजूला आणून बसवलं. ऑर्विल मागच्या दाराने आला, दुसऱ्या बाजूला उभा राहिला. तो पार रेतीचा झाला होता. घोंगडीखालून दिसत होते ते फक्त त्याचे बूट. कोरीने खुर्ची घोंगडीच्या टोकाशी ओढली, म्हणजे तिला दोघंही दिसत होते. आणि मी मध्ये, कारण आईला इंग्रजी येत नाही.

"तुम्ही एका छपराखाली राहता?" कोरीने विचारलं.

मी आईला सांगितलं. आई म्हणाली, "विचारतेय तरी काय? छपराखाली राहिलो असतो तर दोघंही आंधळे झालो असतो."

"नाही म्हणतात," मी म्हटलं.

"एकत्र जेवता?"

"नाही."

"तुम्ही यांना ओळखता तरी का?"

आईने मान खाली केली. "बूट ओळखते. डाव्याची टाच झिजलीय. बाई, त्याला सांग नवीन घे म्हणून, पाय वाकडा पडतो."

हॉलमध्ये हशा पिकला. घोंगडीखाली डावा बूट उजव्याच्या मागे लपायला लागला. कोरीही हसली, टिकमार्क करत गेली. मला वाटलं, झालं काम. सोमवारचा डबासुद्धा मनात भरून झाला माझा.

"शेवटचा प्रश्न," कोरी म्हणाली. "हा शपथेवर आहे, खोटं निघालं तर दंड होतो. मिळकत आणि घरखर्च तुम्ही वाटून घेता का? किराणा, पाणी, सरपण, काहीही?"

मी आईला विचारलं. विचारता विचारता डोळ्यांनी खुणावलं, नाही म्हण.

घोंगडी धरलेल्या बायकांचे हात भरून आले, त्यांनी हात बदलले.

"पाणी कोण आणतं माझं?" आई म्हणाली.

"आई."

"दर तिसऱ्या दिवशी दोन पिंपं भरून माझ्या दाराशी असतात. मी बाहेर येते तेव्हा तो गेलेला असतो. सरपण फोडून ठेवलेलं असतं, बारीक, माझ्या चुलीत मावेल असं. तुझा बाप असं बारीक फोडायचा नाही. आणि मी बोकड कापला की बरगड्या कोणाला जातात?"

"आई, फक्त हो की नाही."

"मी शपथेवर खोटं बोलणार नाही. जो बावीस वर्षं माझं पाणी वाहतो तो माझ्या घरचा नाही, असं मी या परक्या बाईला सांगू? लाज नाही वाटणार मला?"

एका म्हाताऱ्याचा चमचा वाटीत राहिला होता. पण माझी नोकरी त्या एका 'नाही'वर अडकली होती. मी कोरीकडे वळले आणि इंग्रजीत म्हटलं, "नाही म्हणतात त्या. काहीही वाटून घेत नाहीत."

"असं नाही म्हणाली ती," घोंगडीच्या पलीकडून ऑर्विल म्हणाला, इंग्रजीत.

त्याला इंग्रजी येतं हे मी त्या एका क्षणात साफ विसरले होते. चौदा वर्षं रेल्वेच्या रुळांवर काम केलंय त्याने.

"तू गप्प बस," मी आमच्या भाषेत म्हटलं.

"नाही बसत. तू हेच करतेस. इतकी वर्षं तू हेच करतेस." मग कोरीला म्हणाला, "मॅडम, ती म्हणाली की आमचं एकच घर आहे. खरं आहे ते. मी तिचं मटण खातो. तिच्या जमिनीवर राहतो." तो थांबला. ऑर्विल गर्दीत बोलणारा माणूस नव्हे, लग्नातसुद्धा त्याच्या वतीने त्याचा काका बोलला होता. "तिने मला घरचा म्हटलंय. मी नाही म्हणून सही करणार नाही."

कोरीने टॅबलेट मांडीवर ठेवला. "मग मी दोघांना देऊ शकत नाही. एका घरी एकच. मला खरंच वाईट वाटतं."

"एकच ना?" ऑर्विल म्हणाला. "मग ती तिची. माझं नाव काढा."

"अरे!" मी घोंगडीच्या टोकावरून डोकं त्याच्याकडे काढलं. "आणि तुला फोन कुठला?"

"गॅस स्टेशनवर कार्ड मिळतं. पूर्ण पैसे भरून घेईन. महाग असतं, पण मी बोलतोच किती?"

ते मात्र खरं होतं.

आईने माझी बाही ओढली. "काय म्हणतोय तो?"

पहिल्यांदा मी शब्दन् शब्द सांगितला. आईने सगळं ऐकून घेतलं. मग तिने शाल नीट केली, घोंगडीकडे तोंड केलं. नुसती तळहाताने घोंगडीवर एकदा थाप मारली. पलीकडून बूट दोन पावलं मागे सरकले, आणि मग पुन्हा पुढे आले.

कोरीने ऑर्विलचं नाव काढून आईचं घातलं. आईने अंगठा दिला. निघताना कोरी मला हळूच म्हणाली, "माझी सासू माझ्याच घरात राहते. ही घोंगडी कुठे मिळते?"

शनिवार-रविवार मी आईला फोन शिकवला. आईला अक्षरं येत नाहीत, पण आकडे येतात, बिंगो खेळून पाठ झालेत. मी तीन नंबर घालून दिले: मावशी, दवाखाना आणि शाळेच्या स्वयंपाकघरातला भिंतीवरचा. होगनच्या उत्तरेला टाकीजवळ उभं राहिलं तरच रेंज येते, म्हणून तिथे खुर्ची ठेवली. ऑर्विलने गॅस स्टेशनवरून कार्ड आणलं. रविवारी दुपारी मी मामेबहिणीची जुनी गाडी घेऊन निघाले तेव्हा आई होगनच्या दारात होती आणि ऑर्विल ट्रेलरच्या दारात, मधोमध मी लावून दिलेली ताडपत्री फडफडत होती. मी दोघांनाही हात केला. सत्तर मैल रडत गेले. चाळीशीत आपल्याला नोकरी लागते आणि आपण रडतो, काय म्हणावं.

सोमवारी दीडशे पोरांना जेवू घातलं. घेवडा, मक्याचा पाव, सफरचंदाचा मुरंबा. दुपारी दोनला भांडी आटोपली आणि मी भिंतीवरचा फोन घेतला.

आईचा फोन बिझी.

मावशीशी बोलत असेल. मी ऑर्विलला लावला. बिझी.

ऑर्विल? बिझी? त्याला फोन करणारं जगात मीच एक. मी परत आईला लावला, बिझी. परत ऑर्विलला, बिझी. मावशीला लावला, तर ती म्हणाली, "माझ्याशी नाही बोलत ती. सकाळपासून काही नाही." आई पडली असेल. ती दवाखान्याला फोन करत असेल, तोही दवाखान्यालाच करत असेल, आणि दोघं एकमेकांकडे पाठ करून उभे असतील, आणि ती पुन्हा जमिनीवर असेल. मी दवाखान्याला लावला. ते म्हणाले, आमच्याकडे कोणाचाच फोन नाही.

तीन वाजले. दोघांचेही फोन बिझी. सव्वातीन. मी एप्रन सोडला, शाळेच्या मुकादमबाईंना म्हटलं, "मला जावं लागेल." त्या म्हणाल्या, "पहिल्याच दिवशी?" मी म्हटलं, "आई आहे." किल्ली हातात घेतली आणि जाता जाता एकदाच, शेवटचा म्हणून, ऑर्विलला लावला.

वाजला. त्याने उचलला.

"काय झालं?" मी किंचाळले. "कुठे पडलीय? रक्त आहे का?"

"कोण पडलंय?" ऑर्विलला धाप लागली होती. पण ती हसून हसून लागलेली धाप होती.

"आई! सव्वा तास दोघांचे फोन लागत नाहीत!"

"अगं, तिने मला केला. मी नंबर खडूने पाण्याच्या पिंपावर लिहून ठेवला होता. म्हटलं, बघायचं नाही असं आहे, ऐकायचं नाही असं कुठे आहे? म्हणजे हे तीच म्हणाली, मी नाही." त्याला परत हसू फुटलं. "अगं, तुझे बाबा एकदा सासूला बघून घोड्यावरून उलटे उतरायला गेले होते, ठाऊक आहे तुला?"

"नाही."

"एक पाय रिकिबीत अडकला. घोडा निघाला. आणि तुझी आजी डोळे मिटून मागे धावतेय, लगाम शोधत! तुला कधी सांगितलं नाही तिने?"

"नाही सांगितलं," मी म्हटलं. बावन्न वर्षांच्या माझ्या नवऱ्याला मी असं खिदळताना कधी ऐकलं नव्हतं, आणि माझ्या बापाची गोष्ट मला त्याच्याकडून कळत होती. मला राग आला, खरं सांगते. आणि रागाच्या खाली इतकं हलकं वाटलं की मी बटाट्यांच्या पोत्यावर बसले. "मग काय झालं? घोडा थांबला का?"

"तेच तर! तिच्याकडे रेंज गेली, ती खुर्ची सरकवतेय. तू ठेव बघू आता."

"अरे पण मी—"

"ठेव ना, अगं. तिचा येईल."

आणि माझ्या नवऱ्याने माझ्या आईसाठी माझा फोन कापला. मी लगेच परत लावला. बिझी.

"काय झालं हो?" मुकादमबाई दारातून म्हणाल्या. "जायचंय ना तुम्हाला?"

"नाही," मी म्हटलं. एप्रन परत बांधला, डोळे त्यालाच पुसले आणि रात्रीच्या जेवणाचे बटाटे सोलायला घेतले.